'फ्युरी'तलं खरं किती? एका जुन्या टँकवाल्याचं उत्तर

आमच्या खारेगावच्या सोसायटीत राहणारी, ठाण्यात कॉलेजला जाणारी एक मुलगी आणि तिचे तीन मित्र गेल्या रविवारी माझ्याकडे आले होते. आंतरमहाविद्यालयीन स्पर्धेसाठी त्यांना एकांकिका बसवायची आहे. एक रणगाडा, आत चार माणसं, १९७१ ची एक रात्र. तयारी म्हणून त्यांनी 'फ्युरी' हा २०१४ चा सिनेमा दोनदा पाहिला होता. तिने विचारलं, "काका, यातलं खरं किती? आणि रणगाड्यातली माणसं खरंच सख्ख्या भावांसारखी होतात का, की ते सिनेमापुरतंच असतं?" चहा संपेपर्यंत मी जे बोललो ते तुटक होतं. म्हणून आता बसून लिहितो आहे.

मी १९८१ साली आर्मर्ड कोअरमध्ये, म्हणजे लष्कराच्या टँकवाल्या शाखेत, सवार (साधा शिपाई) म्हणून भरती झालो आणि २००९ मध्ये रिसालदार (सुभेदाराच्या दर्जाचा) होऊन बाहेर पडलो. आधी विजयंता या टँकवर लोडर (तोफेत गोळा भरणारा), मग गनर (तोफ डागणारा), मग टी-७२ वर कमांडर. 'ऑपरेशन पराक्रम'च्या वेळी, म्हणजे २००१-०२ मध्ये, सीमेवर महिनोन्‌महिने गाडीत काढले, पण शत्रूवर गोळा टाकायची वेळ माझ्यावर आली नाही. त्यामुळे शेजारचा माणूस गोळी लागून पडतो तेव्हा काय वाटतं, ते मी सांगणार नाही. गाडीच्या आत माणसं कशी राहतात, ते सांगू शकतो.

आधी तुमच्या संहितेतल्या दोन गोष्टी. तुमची पात्रं सारखी 'रणगाडा' म्हणतात. अठ्ठावीस वर्षांत मी हा शब्द वर्तमानपत्रातच वाचला. आम्ही 'टँक' म्हणायचो, आणि आपल्या टँकला नुसतं 'गाडी'. "गाडी गरम झाली", "गाडी फसली", "गाडीत कोण झोपलंय?" एवढं केलंत तरी निम्मं नाटक जमिनीवर येईल. दुसरी चूक मोठी आहे. तुम्ही टी-७२ लिहिलं आहे आणि आत चार माणसं बसवली आहेत. १९७१ च्या लढाईत टी-७२ नव्हता, आणि त्यात माणसंही तीनच असतात. कमांडर, गनर, ड्रायव्हर. गोळा भरायला माणूस नाही, यंत्र आहे. तुम्हाला चार माणसं हवी असतील तर सेंच्युरियन टँक घ्या. १९७१ च्या बसंतरच्या लढाईत पूना हॉर्स ही रेजिमेंट त्याच गाड्या घेऊन लढली.

हा फरक मी उगाच काढत नाही. चौथा माणूस गेला की गाडीतलं सगळं नातं बदलतं. विजयंतावरून टी-७२ वर आल्यावर आम्हाला हे पहिल्याच एक्सरसाइजला कळलं. ट्रॅक, म्हणजे चाकांवरचा लोखंडी पट्टा, उतरला तर तो चढवायला तिघं. रात्री पहारा वाटायचा तो तिघांत, म्हणजे प्रत्येकाची झोप कमी. फायरिंगनंतर सहा मीटर लांबीच्या बॅरलमध्ये ब्रश लावलेली काठी घालून ती पुढेमागे ढकलायची, तीही तिघांनी. आम्ही शेजारच्या गाडीचे तिघं बोलवायचो आणि मग त्यांच्याकडे जायचो. लोडर नुसता गोळे भरत नव्हता, तो गाडीतला हरकाम्या भाऊ होता. चहा त्याचा, वायरलेस त्याचा, कमांडर चिडला तर पहिली शिवी खाणाराही तोच.

आता सिनेमा. तो एप्रिल १९४५ च्या जर्मनीत घडतो. गाडी अमेरिकन शर्मन, वजन सुमारे ३३ टन, माणसं पाच. कमांडर, गनर आणि लोडर वर टरेटमध्ये (तोफेच्या फिरत्या घुमटात), ड्रायव्हर आणि त्याच्या शेजारचा मशीनगनवाला खाली. हीच शर्मन आपल्याकडेही होती. १९६५ च्या सप्टेंबरमध्ये पंजाबातल्या असल उत्तरला डेक्कन हॉर्स ही रेजिमेंट शर्मन घेऊनच पाकिस्तानी पॅटन टँकांच्या समोर उभी राहिली. म्हणून या सिनेमाकडे मी परक्याची गोष्ट म्हणून पाहूच शकलो नाही.

सामानसुमान बहुतेक खरं आहे. त्यातला जर्मनांचा टायगर टँक तर अस्सल आहे. इंग्लंडमध्ये बॉव्हिंग्टनच्या संग्रहालयातला टायगर १३१, ब्रिटिशांनी एप्रिल १९४३ मध्ये ट्युनिशियात पकडलेला, आणि अजून स्वतःच्या पायांनी चालणारा. गाडीच्या बाजूला बांधलेले लाकडाचे ओंडके, वर लटकवलेल्या पिशव्या, आतून पांढरा रंग, हे सगळं बरोबर. आत उजेड फार कमी असतो, म्हणून पांढरा. तुमच्यातला एक मुलगा म्हणाला की गोळ्यांच्या लाल-हिरव्या रेघा व्हिडिओ गेमसारख्या वाटल्या. बाळा, ते ट्रेसर आहेत, म्हणजे जाताना मागे उजेडाची रेघ सोडणाऱ्या गोळ्या, आणि ते तसेच दिसतात. महाजनच्या रेंजवर रात्रीचं फायरिंग पाहिलेल्या कुणालाही विचार. गोळा चिलखतावर तिरका बसला की घसरून आकाशात जातो, तेही खरं.

टायगरबरोबरची लढाई मात्र पटत नाही. ५७ टनांची गाडी, तोंडावर १०० मिलिमीटर पोलाद, ८८ मिलिमीटरची तोफ. तिची सगळी ताकद लांबून मारण्यात आहे. असा कमांडर आडोसा सोडून उघड्या शेतात शर्मनच्या अंगावर कशाला येईल? तो झाडीतच राहून एकेक टिपेल. शर्मनवाल्यांनी जवळ जाऊन मागे पोचण्याची धडपड करणं मात्र अगदी बरोबर आहे, कारण टायगरचं टरेट त्यांच्यापेक्षा हळू फिरायचं आणि बाजूचं व मागचं पोलाद पातळ होतं.

शेवटची लढाईही तशीच. सुरुंगाने ट्रॅक तुटलेली गाडी चौकात उभी, रात्र, आणि समोरून तीनशेच्या आसपास हिटलरच्या एस.एस. दलाचे सैनिक, ज्यांच्याकडे टँक फोडायची पान्झरफाउस्ट आहेत. थांबलेली, एकटी, सोबत पायदळ नसलेली गाडी अशा माणसांसमोर इतका वेळ टिकत नाही. आमच्या उस्तादांनी पहिल्या आठवड्यातच शिकवलं होतं की पायदळाशिवाय टँक रात्री आंधळी असते. तुम्ही शेवटाला अशी लढाई लिहिली असेल तर काढून टाका. चार मुलं आणि एक स्मोक मशीन यांच्या जिवावर ती रंगमंचावर उभी राहणारही नाही.

पण माझ्या मते गाडीच्या सिनेमातलं खरेपण तोफेच्या मापात नसतं. ते कामात असतं. आतल्या प्रत्येकाला दुसऱ्याच्या कामाची किती गरज आहे, हे दिसलं की सिनेमा खरा. हे जरा सविस्तर सांगतो, कारण तुमची एकांकिका इथेच उभी राहणार आहे.

पहिली गोष्ट आवाज. पारसिकच्या बोगद्यात लोकल शिरल्यावर दारात उभं राहून शेजारच्याला काही सांगायचा प्रयत्न केला असेल, तर अंदाज येईल. फरक एवढाच की बोगदा संपतो. टँकमध्ये तोच आवाज सकाळपासून संध्याकाळपर्यंत. हेडसेट नसेल तर हातभर अंतरावरच्या माणसाचं बोलणं कळत नाही. म्हणून गाडीत लांब वाक्यं नसतात. "लोडेड." "ऑन." "फायर." लोडर वीस किलोच्या आसपासचा गोळा तोफेत ढकलतो, हात काढतो, तोफ मागे येईल त्या वाटेतून अंग बाजूला करतो आणि मग ओरडतो. तो शब्द ऐकल्याशिवाय गनरचं बोट हलत नाही, कारण तोफ मागे येते तेव्हा वाटेत हात असेल तर हात राहत नाही. विजयंतावर लोडर असताना माझे दोन्ही हात दिवसातून वीस-पंचवीस वेळा गनरच्या कानावर अवलंबून असायचे. त्या गनरचं आडनाव मला कित्येक महिने माहीत नव्हतं. त्याचा आवाज मी आजही ओळखेन.

दुसरी गोष्ट नजर. गाडीत कुणालाच सगळं दिसत नाही. ड्रायव्हरला समोरची पट्टी. गनरला दुर्बिणीतलं एवढंसं वर्तुळ, पण त्यात फार लांबचं. लोडरला बाहेरचं जवळजवळ काहीच नाही. कमांडर डोकं बाहेर काढतो तेव्हा त्याला सर्वांत जास्त दिसतं, आणि गोळीही पहिल्यांदा त्यालाच लागते. चार माणसांकडे मिळून एक नजर असते आणि ती शब्दांनी जोडावी लागते. 'फ्युरी'त माणसं आत एकमेकांच्या चेहऱ्याकडे फार पाहतात. कॅमेऱ्यासाठी ते करावं लागत असेल. प्रत्यक्षात मी माझ्या ड्रायव्हरचा चेहरा चालत्या गाडीत कधीच पाहिला नाही. या बाबतीत २००९ चा 'लेबनॉन' हा इस्रायली सिनेमा पाहा. त्याचा दिग्दर्शक सॅम्युएल माओझ स्वतः १९८२ च्या लढाईत टँकचा गनर होता. जवळजवळ सगळा सिनेमा गाडीच्या आत आहे आणि बाहेरचं जग फक्त गनरच्या काचेतून दिसतं. बंद पेटीत नाटक कसं रचायचं, त्यासाठी तुम्हाला त्याचा जास्त उपयोग होईल.

आता भावाभावांचा प्रश्न. 'फ्युरी'तला टंकलेखक म्हणून शिकलेला कोवळा मुलगा मेलेल्या माणसाच्या जागी येतो आणि त्याचं पहिलं काम असतं ती जागा पुसणं. रक्तासकट. हे मला फार खरं वाटलं. गाडीत नवा माणूस कधीच रिकाम्या जागी येत नाही. तिथे आधीच्याच्या सवयी असतात. सीट त्याच्या उंचीला लावलेली असते, त्याने कुठेतरी खिळ्याला देवाचा फोटो अडकवलेला असतो, आणि बाकीच्यांना त्याचाच आवाज ऐकायची सवय असते. मेलेल्याचंच नव्हे, बदलीवर गेलेल्याचंही असंच होतं.

पुढे कमांडर त्या मुलाच्या हातात पिस्तूल देऊन त्याला जबरदस्तीने एका कैद्यावर गोळी झाडायला लावतो. युद्धात असं घडलं आहे, म्हणून दाखवायला हरकत नाही. पण तुमच्यातला एक जण म्हणाला, "त्यामुळेच तो त्यांच्यातला एक झाला." हे मला मान्य नाही, आणि याबद्दल मला राग आहे. हात वर केलेल्या माणसाला मारणं तेव्हाही गुन्हाच होता. १९२९ चा जिनिव्हा करार होता. आम्हाला तर हे वर्गात बसवून शिकवलं आहे. एखाद्याला गुन्ह्यात ओढून जे जमतं ती टोळी. क्रू वेगळा. तुमच्या एकांकिकेत नवख्याला सामावून घेण्याचा प्रसंग असा लिहू नका. त्याला ट्रॅकची पिन ठोकायला घण द्या. त्याचा पहिला घाव चुकू द्या आणि पिन धरून बसलेल्याला हात काढून न घेता दुसऱ्या घावाची वाट पाहू द्या.

सगळ्या सिनेमात मला सर्वांत खरा वाटलेला प्रसंग जेवणाच्या टेबलावरचा आहे. कमांडर आणि तो नवा मुलगा दोन जर्मन बायकांच्या घरात जरा माणसांसारखे बसलेले असतात, आणि बाकीचे तिघं तिथे येऊन सगळं नासवतात. त्या घाणेरड्या वागण्यामागे दुखावलेपण आहे. इतकी वर्षं आम्ही याच्यासोबत काढली, लढाईत मेलेले घोडे पाहिले, आणि आता हा कालचा पोरगा याच्या पंगतीला? मराठीत भाऊ म्हटलं की भाऊबंदकी मागोमाग येतेच. बांधावरून डोकी फुटतात ती सख्ख्यांची, परक्यांची नाही. ज्या गाडीत कुणी कुणावर रुसत नाही ती गाडी मी पाहिलेली नाही.

२००२ मध्ये सीमेवर असताना माझ्या गनरचं आणि माझं बिनसलं. सुट्टीची एकच जागा होती. ड्रायव्हरचे वडील आजारी होते, म्हणून मी ती त्याला दिली. गनरच्या बहिणीचं लग्न होतं, तो जाऊ शकला नाही. त्यानंतर दोन महिने तो माझ्याशी कामापुरतंच बोलला. "जी साब", "नहीं साब". जेवण घेऊन लांब बसायचा. पण रोज पहाटे स्टँड-टूच्या (सगळ्यांनी लढाईला सज्ज होऊन उभं राहायच्या वेळेच्या) आधी तो आपल्या साइटची, म्हणजे नेम धरायच्या दुर्बिणीची, काच पुसायचा आणि मग वर चढून माझीही पुसायचा. राजस्थानातली धूळ एका रात्रीत काच आंधळी करते. मी त्याला कधी सांगितलं नव्हतं. तो माझ्याकडे न बघता काच पुसायचा, फडकं झटकायचा आणि उतरायचा. भाऊपणा कसा दिसतो असं तुम्ही विचाराल, तर मला आधी ते फडकं आठवतं.

दुसरी गोष्ट माझ्या चुकीची आहे. मी तेव्हा दफादार (हवालदाराच्या दर्जाचा) होतो, नुकताच टी-७२ चा कमांडर झालेलो. एक्सरसाइज, रात्र, दिवे बंद. पुढच्या गाड्यांची धूळ इतकी की ड्रायव्हरला त्याच्या रात्रीच्या यंत्रातून काही दिसत नव्हतं. झाकण बंद करून तो निव्वळ माझ्या बोलण्यावर ४१ टनांची गाडी चालवत होता. मी वाळूच्या टिब्ब्याचा उतार समजून "बाएँ" म्हणालो. तो उतार नव्हता, जुन्या खोदकामाचा तुटलेला काठ होता. "बाएँ" आणि "रोको" यांच्यामध्ये मी दोन श्वास घेतले असतील. गाडी नाकावर गेली. ड्रायव्हरचं तोंड पेरिस्कोपवर आपटलं आणि पुढचे दोन दात गेले. मी खाली उतरून त्याच्या झाकणापर्यंत पोचलो तेव्हा तो रक्त थुंकत होता, आणि त्याने पहिली गोष्ट विचारली ती गनरची: "ऊपर सब ठीक?" चौकशीत त्याने एवढंच सांगितलं, की हुकूम मिळाला, गाडी घेतली. माझ्या चुकीबद्दल मला जे मिळायचं ते मिळालं. तो बरा होऊन आल्यावर मला एका बाजूला घेऊन म्हणाला, "उस्ताद, अगली बार थोड़ा पहले बोलना." नंतर पुन्हा कधी विषय काढला नाही.

त्या रात्रीनंतर मी चालत्या गाडीत गप्प बसलो नाही. पुढे काही नसलं तरी "सीधा, सीधा, ठीक है, सीधा" असं बोलत राहायचो, म्हणजे खाली एकट्या बसलेल्या माणसाला कळावं की वर कुणीतरी बघतंय. कितीतरी वर्षांनी त्याच्या मुलीच्या लग्नाला झुंझुनूला गेलो. मांडवात त्याने पाहुण्यांना दातांची गोष्ट सांगितली. त्याच्या सांगण्यात त्या रात्री दाट धुकं होतं, त्यामुळे कुणालाच काही दिसलं नसतं. धुकं नव्हतं. मी काही बोललो नाही, त्याच्या शेजारी बसून राहिलो.

म्हणून 'फ्युरी'चा शेवट लष्करीदृष्ट्या चुकीचा असला तरी त्यातला एक क्षण मी खोटा म्हणणार नाही. कमांडर म्हणतो, मी थांबतो, तुम्ही जा. भाषण नाही. मग एकेक जण गाडीत परत चढतो, काही जण तर चिडून. देशासाठी की त्या चौकासाठी, हे त्यांना विचारलं असतं तर सांगता आलं नसतं. आपली जागा रिकामी राहिली तर बाकीच्यांचं काम अडेल, एवढं मात्र त्यांना कळत होतं.

१९७१ लिहिताय तर आणखी एक. १६ डिसेंबरला बसंतरला सेकंड लेफ्टनंट अरुण खेत्रपाल पेटलेली गाडी न सोडता लढले आणि एकविसाव्या वर्षी गेले. परमवीरचक्र मिळालं, त्यांचं नाव तुम्हा सगळ्यांना माहीत होतं. मी विचारलं, गाडीत आणखी कोण होतं? चौघंही गप्प. गनर नथू सिंग, ड्रायव्हर प्रयाग सिंग आणि वायरलेस व तोफ भरण्याचं काम बघणारे सवार नंद सिंग. नंद सिंगही तिथेच गेले. 'फामागुस्ता' नावाची ती गाडी आज नगरला आर्मर्ड कोअरच्या सेंटरमध्ये जपून ठेवली आहे. कमांडर थांबला हे आपण सांगतो. तो थांबला तेव्हा खाली ड्रायव्हरचे हात लिव्हरवर होते आणि गनरचा डोळा काचेला होता, हे तुमच्या एकांकिकेने सांगावं, असं मला मनापासून वाटतं.

तालमीबद्दल. चार स्टुलं घ्या आणि कुणालाच दुसऱ्याचा चेहरा दिसणार नाही अशी मांडा. ड्रायव्हर सर्वांच्या पुढे, खाली. कमांडर आणि गनर एकामागे एक, कमांडरचे गुडघे गनरच्या पाठीला लागतील इतके जवळ. लोडर तोफेच्या पलीकडे. पहिले दोन दिवस संवाद म्हणूच नका. वीस किलो तांदळाची गोणी लोडरच्या हातात द्या आणि ती खांद्याएवढ्या उंचीवर पंचवीस वेळा सरकवायला लावा. मग त्याचा "लोडेड" आपोआप खरा येईल. गाडीबाहेरच्या प्रसंगात त्यांना एकमेकांकडे मनसोक्त पाहू द्या, पण अशा वेळी हाताला काम हवं. कुणी ग्रीस पुसतोय, कुणी गरम इंजिनाच्या झाकणावर डबा ठेवतोय, कुणी जाळी ओढतोय.

जमलं तर स्पर्धेआधी कल्याणहून माळशेजमार्गे नगरला जाऊन तिथलं रणगाडा संग्रहालय बघून या. सेंच्युरियनपाशी उभे राहा आणि तिच्या झाकणाचं माप डोळ्यांनी घ्या. तशा झाकणांतून चार माणसं पेटत्या गाडीबाहेर यायची असतात.

येत्या शनिवारी मी तालमीला येतो. गोणी तयार ठेवा. आणि एक काळी चादरही आणा, ड्रायव्हर झालेल्या मुलाच्या डोक्यावरून टाकायला.